एक्क्याण्णवावा सेकंद

टीव्हीवरच्या गायनस्पर्धेत पहिला आलेल्या माणसाला दुसऱ्या दिवशी सकाळी साडेनऊ वाजता वाहिनीच्या कार्यालयात हजर व्हावं लागतं. येताना ओळखपत्राच्या दोन प्रती, चार फोटो आणि आदल्या संध्याकाळी मिळालेला चषक आणायचा असतो. प्रती आणि फोटो फायलीला लागतात. चषक परत जमा करायचा असतो, कारण पुढच्या वर्षीही तोच द्यायचा असतो.

लिफ्टवाला सव्वानऊलाच पोचला होता. लिफ्टवाला हे काही त्याचं घरच्यांनी ठेवलेलं नाव नव्हतं. लिफ्टची देखभाल करणाऱ्या एका लहानशा कंपनीत तो सहा वर्षं कारागीर होता, आणि स्पर्धेत प्रत्येकाला त्याच्या कष्टांवरून हाक मारायची पद्धत असल्यामुळे तो लिफ्टवाला झाला होता. अंतिम फेरीत त्याने बेकरीवालीला आणि पहारेकऱ्याला हरवलं होतं. पहारेकरी खरं म्हणजे बँकेत अधिकारी होता. पण त्याचे आजोबा कधीकाळी पहारेकरी होते आणि त्याच्याकडे दाखवण्यासारखं दुसरं काहीच नव्हतं.

प्रतिमा-संवर्धन विभागाच्या मॅडमनी चषकाची पावती त्याच्या हातात ठेवली आणि करारनामा पुढे सरकवला. मॅडम चाळिशीच्या होत्या, आवाज मऊ होता, आणि वाईट बातमी सांगताना त्या पेनाचं टोपण काढून पुन्हा लावत. पदनाम 'पॉपगायक, प्रथम श्रेणी' असं होतं. पहिलं वर्ष परिवीक्षेचं. वर्षाअखेरीला गायक ज्या स्थितीत असेल त्या स्थितीत पुढची पाच वर्षं कायम. स्पर्धेत गायलेलं गाणं वाहिनीचं. करार मोडला तर गायक बाहेर, गाणं आत. हे सगळं लिफ्टवाल्याला कळलं. कलम सातपाशी तो अडला. त्यात 'मूळ पार्श्वभूमी अबाधित राखणे' असं लिहिलं होतं.

मूळ पार्श्वभूमी म्हणजे चित्रफीत. स्पर्धेचा एक ठरलेला साचा होता. आधी स्पर्धकाच्या आयुष्याची तीन मिनिटं चाळीस सेकंदांची चित्रफीत, मग नव्वद सेकंदांचं गाणं, मग परीक्षकांचे अश्रू. अश्रूंना वेळेची मर्यादा नव्हती. लिफ्टवाल्याच्या चित्रफितीत त्याची आई पाच मजले चढून घरी येताना दिसायची. दुसऱ्यांच्या लिफ्ट दुरुस्त करणाऱ्याच्या स्वतःच्या इमारतीतली लिफ्ट बंद, ही कल्पना दिग्दर्शकाला येता येता गाडीतच सुचली होती. लिफ्ट तर उत्तम चालू होती. तिची देखभाल लिफ्टवालाच करायचा. तेव्हा चित्रीकरणापुरती ती बंद ठेवली. आईला चार वेळा जिना चढायला लावलं, कारण पहिल्या तीन वेळा ती पुरेशी दमली नाही. चौथ्या वेळी तिने गुडघ्यावर हात टेकला, आणि कॅमेऱ्यामागून कुणीतरी समाधानाने 'झालं' म्हणालं. दोन कोटी मतं पडली.

मॅडमनी समजावून सांगितलं ते असं की, आता त्याला नोकरी सोडता येणार नाही. लिफ्टवाला म्हणून निवडून आलेल्याने लिफ्टवालाच राहिलं पाहिजे. दर महिन्याला हजेरीपत्रक सादर करावं लागेल. आणि घरची लिफ्ट बंद राहील.

"पण लिफ्ट चालू आहे, मॅडम."

"लोकांनी ती बंद पाहिली आहे," मॅडम म्हणाल्या आणि त्यांनी पेनाचं टोपण काढलं.

त्याच दुपारी वाहिनीचे दोन कर्मचारी येऊन इमारतीतल्या लिफ्टच्या दाराला मोहोर लावून गेले. खाली पाटी लावली: 'हा सांस्कृतिक ठेवा आहे. बटण दाबू नये.' आईने पाटी वाचली, पिशवी या हातातून त्या हातात घेतली आणि चढायला सुरुवात केली. वर आल्यावर ती एवढंच म्हणाली, की मुलगा गाऊन वर जाईल असं तिला वाटलं होतं, त्याने तर आईलाच जिन्याने वर पाठवलं. पहिला आठवडा इमारतीतल्यांना अभिमान वाटला. दुसऱ्या आठवड्यात चौथ्या मजल्यावरचे गृहस्थ दर मजल्यावर थांबून, सगळ्यांना ऐकू जाईल असं, "कलेची सेवा चालू आहे आमची," म्हणू लागले.

मिस्त्रीने, म्हणजे लिफ्टवाल्याच्या कंपनीतल्या वरिष्ठ कारागिराने, स्पर्धेच्या रजेनंतर त्याला पुन्हा कामावर घेतलं. तो म्हणाला, "अरे, गाणं जमलं नाही म्हणून नोकरीला लागणारे बघितले होते. गाणं जमलं म्हणून लागणारा तूच पहिला."

अशी कारकीर्द सुरू झाली. वर्षभरात त्रेसष्ट कार्यक्रम झाले, त्यातली एकेचाळीस लिफ्टची उद्घाटनं होती. निमंत्रणपत्रिकांवर त्याचा उल्लेख 'सुप्रसिद्ध उद्वाहनगायक' असा व्हायचा. कार्यक्रमाला जाताना कामाचा निळा पोशाख आणि खिशात पाना असावा लागे. बहुतेक वेळा तो कामावरूनच गेलेला असल्याने त्याच्या हाताला ग्रीस असायचंच. पण खरं ग्रीस दिव्यांच्या उजेडात खोटं दिसतं, असं रंगभूषाकाराचं मत होतं. म्हणून आधी ते रॉकेलने पुसून काढत आणि मग त्याच जागी रंगाचं ग्रीस लावत. मग पडद्यावर चित्रफीत. आई चढायची, लोक हुंदके द्यायचे. मग तो गायचा, आणि नव्वदाव्या सेकंदाला समोर लाल दिवा लागायचा. टाळ्या. मग लोक पान्याबरोबर फोटो काढून घ्यायचे.

गाणं त्याचं स्वतःचं होतं. लिफ्टची उभी पोकळी आवाजाला फार चांगली असते. चौदा मजल्यांच्या पोकळीत तळाशी उभं राहून एक सूर लावला तर तो वर जाऊन परत येईपर्यंत पुढचा सूर ठरवायला वेळ मिळतो. तिथेच, तारा तपासता तपासता, दोन वर्षांत त्याने ते बसवलं होतं. पूर्ण गाणं चार मिनिटं बारा सेकंदांचं. त्यातले पहिले नव्वद सेकंद अंतिम फेरीत गायले गेले आणि त्यांवर तो जिंकला. अडचण अशी होती की नव्वदाव्या सेकंदाला चाल वर जाऊन लोंबकळत राहते. तिला खाली जमिनीवर आणणारा भाग दुसऱ्या अंतऱ्यात आहे. त्रेसष्ट वेळा चाल तशीच वर टांगून लिफ्टवाला घरी आला होता. जेवताना त्याचा घास मधेच थांबायचा आणि आई विचारायची, "काय अडकलं?" तो काही नाही म्हणायचा.

त्याला एकदा, फक्त एकदा, लोकांसमोर ते गाणं शेवटपर्यंत म्हणायचं होतं. तसा अर्ज त्याने चौथ्या महिन्यात केला.

मॅडमनी अर्ज दोनदा वाचला. त्यांना त्यात गैर काही दिसलं नाही. पण नियमात आधारही दिसला नाही.

"मतदान नव्वद सेकंदांच्या आवाजाला झालंय," त्या म्हणाल्या. "एक्क्याण्णवाव्या सेकंदाबद्दल जनतेचा कौल आपल्याकडे नाही. उद्या तो आवाज लोकांनी निवडलेला नाही असं कुणी म्हणालं तर?"

"पण आवाज माझाच आहे ना?"

"नव्वदपर्यंत हो."

तरीही त्यांनी प्रकरण श्रोतृसंशोधन कक्षाकडे पाठवलं. कक्षाने शास्त्रीय चाचणी घेतली. एका खोलीत चाळीस श्रोते बसवले आणि प्रत्येकाच्या हातात एक चकती दिली. आवडलं की उजवीकडे फिरवायची, कंटाळा आला की डावीकडे. यंत्राची मोजणी नव्वद सेकंदांपुरतीच असल्याने नव्वदाव्या सेकंदाला चकत्या गोळा करण्यात आल्या आणि गाणं बंद करण्यात आलं. पंधरा पानांच्या अहवालाचा निष्कर्ष एका ओळीचा होता: नव्वदाव्या सेकंदानंतर श्रोत्यांमध्ये आवड आढळून आली नाही.

लिफ्टवाल्याने सांगून पाहिलं की, मोजलं नाही आणि शून्य आलं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मीटर बंद पडलं म्हणून वीज गेली असं कुणी म्हणत नाही. मॅडमना ते पटलं. पुढच्या आवृत्तीत 'आढळून आली नाही' च्या जागी 'आढळली नाही' असं छापण्यात आलं.

दहाव्या महिन्यात एक लिफ्ट अडकली.

कार्यालयांची एक इमारत होती. सकाळी अकराच्या सुमारास तिची लिफ्ट सातव्या आणि आठव्या मजल्यांच्या मधे थांबली. आत सहा माणसं होती: एक दंतवैद्य, विमा कंपनीतल्या दोघी, एक निवृत्त शिक्षक, एक पार्सल पोचवणारा आणि फोनवर बोलत असलेले एक गृहस्थ. मिस्त्री तळमजल्यावर थांबला आणि लिफ्टवाला गच्चीवरच्या मशीनच्या खोलीत गेला. बिघाड किरकोळ होता. आठव्या मजल्याच्या दाराची वायर पॅनेलमध्ये ढिली झाली होती आणि दार लागलेलं असूनही यंत्राला ते उघडं वाटत होतं. पॅनेलचं झाकण काढताना त्याला खालून विमावाल्या दोघींपैकी एकीचा रडवेला आवाज आला. घाबरलेल्या माणसांशी बोलत राहावं, हा या धंद्यातला नियम आहे. काय बोलावं ते त्याला सुचेना, म्हणून तो गाऊ लागला.

गाणं पोकळीतून खाली गेलं. आतलं रडणं थांबलं. नव्वदाव्या सेकंदाला त्याने सवयीने समोर पाहिलं. तिथे लाल दिवा नव्हता, तेलाचा डबा होता. तो पुढे गात राहिला. एकशे साठाव्या सेकंदाला वायर घट्ट बसली. आता एक खटका दाबला की लिफ्ट हलणार होती. दुसरा अंतरा नुकता सुरू होत होता.

त्याने खटका दाबला नाही.

आयुष्यात पहिल्यांदा त्याने एक दुरुस्त झालेली लिफ्ट अडवून ठेवली. एक हात खटक्यावर, दुसरा भिंतीवर, आणि डोळे मिटलेले. खालून मिस्त्रीने दोन वेळा हाक मारली. दुसरा अंतरा झाला, शेवट झाला, चाल खाली उतरली आणि तिच्याबरोबर लिफ्टही आठव्या मजल्याला येऊन लागली. दार उघडलं. सहा माणसांनी टाळ्या वाजवल्या.

त्या दिवशी तो पाचही मजले न थांबता चढला. आईला म्हणाला, "आज पूर्ण म्हटलं."

"ऐकलं कुणी?"

"सहा जणांनी."

आई म्हणाली की दोन कोटींच्या मानाने कमी आहेत, पण सुरुवात म्हणून ठीक. मग त्याने दोन पोळ्या जास्त खाल्ल्या आणि आईने विचारलं नाही की काय अडकलं.

लिफ्ट मात्र सगळं लिहून ठेवते. कोणत्या सेकंदाला थांबली, कोणत्या सेकंदाला बिघाड गेला आणि कोणत्या सेकंदाला हलली, हे तिच्या यंत्रात आपोआप नोंदलं जातं. पार्सल पोचवणाऱ्याला उशीर झाला होता, त्याने तक्रार केली. तक्रारीबरोबर ती नोंद आली आणि दोन्ही वाहिनीच्या कार्यालयात पोचल्या. आठवडाभरात त्रिसदस्यीय चौकशी समिती नेमण्यात आली. अध्यक्ष होते स्पर्धेचे ज्येष्ठ परीक्षक, ज्यांना लोक प्रेमाने रडके सर म्हणत. समितीच्या कामात ते रडत नसत.

"पॅनेलचं झाकण उघडल्यापासून एकशे साठाव्या सेकंदाला बिघाड दूर झाला," रडके सरांनी वाचलं. "लिफ्ट हलली दोनशे बावन्नाव्या सेकंदाला. मधले ब्याण्णव सेकंद तुम्ही काय करत होतात?"

"गात होतो, सर."

"ते आम्ही ठरवू."

लिफ्टवाल्याच्या मनात मात्र वेगळंच होतं. दोष सिद्ध झाला तर करार मोडला असं ठरेल आणि वाहिनी ते गाणं दुसरी आलेल्या बेकरीवालीला देईल, हे त्याला ठाऊक होतं. पण कागदोपत्री का होईना, गाणं पूर्ण गायलं गेलं हे तर नोंदलं जाईल. त्यासाठी सहा साक्षीदार होते. बाहेरच्या बाकावर ते ओळीने बसले होते आणि तो त्यांच्याकडे, परीक्षेचा निकाल लावायला आलेल्यांकडे पाहावं तसा पाहत होता.

साक्षी झाल्या. दंतवैद्याने सांगितलं की आवाज गोड होता, मात्र वरून येत असल्याने दात दिसले नाहीत. विमावाल्या दोघींनी चित्रफीत सात-सात वेळा पाहिली होती. लिफ्टमध्ये आवाज ओळखताच त्यांनी आईच्या गुडघ्याबद्दल बोलायला सुरुवात केली आणि बोलता बोलता आठवा मजला आला. निवृत्त शिक्षकांचं लक्ष घड्याळाकडे होतं. फोनवरचे गृहस्थ बायकोला सांगत होते की, अगं तोच तो, लिफ्टवाला, वर आहे आत्ता, हो तीच आई. पार्सल पोचवणाऱ्याने चित्रीकरण केलं होतं, ते समितीने लावून पाहिलं. ते तीस सेकंदांचं होतं आणि त्यात मुख्यतः पार्सल पोचवणारा होता.

प्रत्येकाला शेवटी एकच प्रश्न विचारण्यात आला: दुसऱ्या अंतऱ्यात काय होतं? एकीने विचारलं, दुसरा होता का?

लिफ्टवाला उभा राहिला. तो म्हणाला की आपण गायलो, पूर्ण गायलो, हवं तर आत्ता म्हणून दाखवतो. मॅडम कोपऱ्यात बसल्या होत्या. त्यांनी पेनाचं टोपण काढलं आणि मान हलवून नको म्हणून खुणावलं. रडके सरांनी त्याला समजुतीच्या सुरात सांगितलं की, इथे म्हटलं तर तीन साक्षीदारांसमोर करारभंग होईल आणि नाही म्हटलं तर तो निर्दोष आहे.

तो एक्क्याण्णवाव्या सेकंदापासून गाऊ लागला.

समितीच्या तिन्ही सदस्यांनी कानांत बोटं घातली. घाई नाही, गडबड नाही; नियमच तसा होता, समितीला साक्षीदार होता येत नाही. इतिवृत्त लिहिणाऱ्याने आधी पेन खाली ठेवलं आणि मग कान झाकले. मॅडमनी झाकले नाहीत, पण त्या उठून बाहेर गेल्या. चार माणसं कानांत बोटं घालून, शांत चेहऱ्याने, त्याच्या तोंडाकडे पाहत बसली होती. त्या चेहऱ्यांकडे बघत तो दहा-बारा सेकंद गायला आणि थांबला. इतिवृत्तात नोंद झाली: 'संबंधितांनी काही काळ तोंड उघडे ठेवले.'

निकाल त्याच्या बाजूने लागला. दुसरा अंतरा गायला गेल्याचा कोणताही पुरावा उपलब्ध नसल्याने तो गायला गेला नाही असे समिती मानते. सबब गायक निर्दोष आहे. रडके सरांनी त्याचं अभिनंदन केलं. मिस्त्रीने निकालाची प्रत वाचून विचारलं, "मग मी खाली घसा फोडून हाका कुणाला मारत होतो?"

मॅडम दुसऱ्या दिवशी त्याच्याशी बोलल्या. त्या वाईट बाई नव्हत्या. त्यांनी नियमपुस्तक अख्खं वाचलं होतं, जे कार्यालयात दुसऱ्या कुणी केलेलं नव्हतं, आणि त्यांना एक वाट सापडली होती. श्रोत्याने स्वतःहून, लेखी, गाण्याच्या न गायलेल्या भागाबद्दल विचारणा केली, तर तेवढी एक विचारणा जनतेचा कौल म्हणून धरता येत होती. पुढे काय आहे, एवढं एका माणसाने विचारलं की पुरे. नव्वदाची मर्यादा उठणार होती, कायमची. त्यासाठी छापील अर्ज होता, नमुना ९१. तो आजवर कधी वापरला गेला नव्हता. साध्या पत्रात विचारलं तरी मॅडम ते नमुन्यात उतरवून घेणार होत्या.

"एकच?" त्याने विचारलं.

"एकच. पण तुम्ही सुचवायचं नाही. नातेवाइकांची जिज्ञासा चालत नाही, सहकाऱ्यांची चालत नाही, इमारतीतल्यांची चालत नाही, त्यांचा लिफ्टमध्ये हितसंबंध आहे. आणि परिवीक्षा तीस तारखेला पाच वाजता संपते."

म्हणजे सहा आठवडे. लिफ्टवाल्याचा जीव भांड्यात पडला. दोन कोटींतला एक, हे प्रमाण त्याला फार सोपं वाटलं.

आई आणि मिस्त्री दोघेही बाद झाले, याचा मिस्त्रीला राग आला. चार वर्षं आपण हे गाणं ऐकतोय, आपल्यालाच विचारायचा हक्क नाही, असं तो म्हणत राहिला. लिफ्टवाल्याने कार्यक्रमांत युक्ती केली. लाल दिवा लागला की तो थांबायचा, पण तोंड उघडंच ठेवायचा आणि हात वर तसाच. नियमात तोंड मिटण्याबद्दल काही नव्हतं. पहिल्यांदा लोक गोंधळले. तिसऱ्या कार्यक्रमात त्यांना ती त्याची खास लकब वाटू लागली आणि महिन्याभरात लहान मुलं लिफ्टसमोर हात वर करून, तोंड उघडं ठेवून फोटो काढू लागली. पत्रं वाढली. आधी दिवसाला वीस-पंचवीस यायची, ती तीनशेवर गेली.

पत्रं आई वाचायची. चष्मा लावून, शिवणयंत्र बाजूला सारून, एकेक पाकीट ती कात्रीने कापायची. एका ढिगात आईच्या गुडघ्याची विचारपूस होती, आणि तो ढीग लावताना आईला थोडं अवघडल्यासारखं व्हायचं, कारण गुडघा चित्रीकरणाच्या वेळी ठणठणीत होता आणि आता वर्षभर जिना चढून खरोखर दुखू लागला होता. लोकांनी तेलं सुचवली होती, पट्टे पाठवले होते. दर तीन-चार पत्रांमागे एक पत्र लग्न ठरलंय का असं विचारणारं असे. पाना कोणत्या मापाचा आहे, असं एकाने तीनदा विचारलं होतं. काहींना लिफ्ट बंद ठेवणाऱ्या निर्दयी घरमालकाचा पत्ता हवा होता.

चोविसाव्या दिवशी आईने एक निळं अंतर्देशीय पत्र वाचता वाचता चष्मा वर केला. दूरच्या गावातल्या एका बाईंचं ते पत्र होतं. त्यांनी लिहिलं होतं, तुमचं ऐकलं आणि रात्रंदिवस एकच मनात येतं, पुढे काय झालं असेल? कृपा करून पुढचं कळवा.

लिफ्टवाला जागेवरून उठला. आईने पान उलटलं. मागे लिहिलं होतं: शेवटच्या दृश्यात आई चौथ्या मजल्यावर गुडघ्यावर हात टेकून थांबलेल्या दिसतात, त्यानंतर वर पोचल्या का?

आईने पत्राची घडी घातली आणि ते गुडघ्याच्या ढिगावर ठेवलं. मग म्हणाली, "मी विचारलं असतं रे."

"तुझं चालत नाही, आई."

"माहीत आहे. पण विचारलं असतं."

तीस तारखेला पावणेपाच वाजता मॅडम पाचही मजले चढून आल्या. दारात दोन मिनिटं भिंतीला धरून उभ्या राहिल्या. आईने त्यांना पाणी दिलं. एकूण पत्रं अकरा हजार चारशे सात भरली होती. मॅडमनी आईने लावलेले ढीग पाहिले आणि कार्यालयात असं वर्गीकरण कुणाला जमत नाही असं कौतुकाने म्हणाल्या. नमुना ९१ त्यांच्या फायलीत कोरा होता. पाच वाजायला चार मिनिटं कमी असताना पोस्टमन आला. त्याने आणलेल्या बारा पत्रांपैकी अकरा गुडघ्याची होती आणि एक विजेचं बिल होतं.

पाच वाजले. लिफ्टवाल्याने पुढच्या पाच वर्षांच्या करारावर सही केली, हजेरीपत्रक जोडलं आणि मान वर करून मॅडमकडे पाहिलं. इतक्या वेळा त्यांच्याशी बोलणं झालं होतं. त्यांची जिज्ञासा चालली नसती, पण ती असायला बंदी नव्हती. मॅडमनी काहीतरी विचारायला तोंड उघडलं.

"आईंचा गुडघा आता कसा आहे?" त्या म्हणाल्या.

बरा आहे, असं त्याने सांगितलं. मॅडम जिना उतरू लागल्या. चौथ्या मजल्यावरच्या गृहस्थांनी त्यांना वाट दिली आणि कलेच्या सेवेबद्दल ऐकवलं.

जाताना त्या एक गोष्ट करून गेल्या. कोऱ्या अर्जावर 'मुदत संपली' असा शिक्का मारायचा असतो, तो त्यांनी मारला नाही. कुणाच्या लक्षात येईपर्यंत अर्ज तसाच खुला राहील, एवढंच त्यांना करता येण्यासारखं होतं.

तेव्हा ही त्याच्या कारकिर्दीची हकिकत. तिच्यात आई आली, जिना आला, ग्रीस कसं पुसतात तेही आलं. ते गाणं कशाबद्दल आहे हे मात्र पहिल्या ओळीपासून इथपर्यंत कुठेच आलेलं नाही, दुसरा अंतरा तर दूरच. अर्ज अजून खुला आहे, आणि इथवर वाचलेल्या कुणाचीही जिज्ञासा नियमात बसते.

अद्याप कुणी विचारलेलं नाही.